बडोद्यातल्या भाड्याच्या घरांत भेदभाव मोजायचा, तर नकार नेमका कोणाचा?

प्रश्न थोडक्यात असा: बडोद्यात एम.ए. अर्थशास्त्राचा प्रबंध करायचा आहे. अमेरिकन अर्थतज्ज्ञ ग्लेन लाउरी यांची वंश, संस्कृती आणि बाजार यांविषयीची मांडणी शहरातल्या भाड्याच्या घरांना लावून पाहायची आहे. वेगवेगळ्या आडनावांनी साठ घरमालकांना फोन करून होकार-नकार मोजला तर चालेल का? हाताशी चार महिने आणि तीन मित्र आहेत.

साठ फोन पुरणार नाहीत. त्याहून मोठी अडचण म्हणजे होकार-नकार एवढंच मोजलंत तर आकडा हाती लागेल, पण तो लाउरींच्या बाजूचा की विरुद्ध, हे सांगता येणार नाही. त्यामुळे आधी त्यांच्याकडून काय घ्यायचं ते ठरवा, फोन नंतर.

लाउरींचा जन्म 1948चा, शिकागोचा. पीएचडी एमआयटीची, 1976ची. 1977च्या निबंधात त्यांनी दाखवलं की मालकांनी उद्यापासून भेदभाव पूर्ण थांबवला तरी गटागटांतली विषमता आपोआप मिटेलच असं नाही. मुलाला मिळणारी संधी त्याच्या आईबापांच्या ओळखीपाळखीवर ठरते आणि ओळखी गटातल्या गटातच राहतात. ‘सामाजिक भांडवल’ ही कल्पना अर्थशास्त्रात आणणाऱ्या पहिल्या लेखनात हा निबंध धरतात. वांशिक विषमतेवरचं त्यांचं पुस्तक 2002चं. तुमच्या कामाचे मुद्दे त्यात तीन आहेत. पहिला: करारातला भेदभाव वेगळा आणि संबंधातला वेगळा. नोकरी, कर्ज, भाडं हे करार; शेजार, मैत्री, लग्न हे संबंध. पहिल्यावर कायदा चालतो, दुसरा आपण खाजगी मानून सोडून देतो, आणि विषमता बऱ्याच अंशी त्या दुसऱ्यातून टिकते. दुसरा मुद्दा: पूर्वग्रह स्वतःला खरा करून दाखवतो. त्यांचं उदाहरण टॅक्सीचं आहे. चालक काळ्या तरुणांसाठी थांबत नाहीत, म्हणून सभ्य तरुण टॅक्सीचा नादच सोडतात, रस्त्यावर हात करणाऱ्यांत लुटारूंचं प्रमाण वाढतं आणि चालकाचा अंदाज बरोबर ठरतो. तिसरा मुद्दा कलंकाचा: समोरच्याबद्दल नवी माहिती मिळाली तरी ती वापरायची गरजच माणसाला वाटत नाही.

इथे एक ठेच हमखास लागते. वंशाच्या जागी जात लिहिली आणि बाकी सगळं तसंच ठेवलं, असं करू नका. लाउरींची मांडणी शरीरावर दिसणाऱ्या खुणांवर उभी आहे. आपल्याकडे खूण शरीरावर नसते. ती आडनावात, बोलीत, ताटात आणि ‘तुम्ही राहायला कुठे?’ या प्रश्नाच्या उत्तरात असते, म्हणजे विचारून काढावी लागते. बडोद्यात ती दोन शब्दांत विचारतात: ‘अटक शुं?’ (आडनाव काय?) आणि आडनावावरून उलगडा झाला नाही तर, ‘तमे केवा?’ (तुम्ही कोणत्या जातीचे?) हा प्रश्न कितव्या वाक्याला येतो तेही मोजण्याजोगं आहे. जात म्हणजे वंश नव्हे हे डॉ. आंबेडकरांनी 1916 साली कोलंबिया विद्यापीठात वाचलेल्या निबंधातच मांडलं होतं. जातीचं मूळ त्यांनी रक्तात शोधलं नाही, जातीतल्या जातीत लग्न लावण्याच्या बंधनात शोधलं. लाउरींच्या भाषेत सांगायचं तर त्यांनी जात ‘संबंधा’च्या खात्यात टाकली.

आंबेडकरांचं नाव इथे शोभेसाठी घेतलेलं नाही. बडोद्यात घर भाड्याने मिळण्याविषयीचा सर्वांत नेमका लेखी पुरावा त्यांचाच आहे, आणि प्रबंधाचं गृहीतक त्यातूनच निघतं. सयाजीराव गायकवाडांच्या शिष्यवृत्तीवर शिकून 1917 साली ते संस्थानच्या नोकरीत रुजू झाले. हिंदू हॉटेलात जागा मिळणार नाही हे माहीत होतं, म्हणून पारशी धर्मशाळेत गेले. तिथला रखवालदारही पारशी. हे पारशी नाहीत, हे त्याच्या लक्षात आलं. पण धर्मशाळा ओस पडलेली आणि दिवसाला दीड रुपया मिळणार, म्हणून वहीत पारशी नाव लिहून त्याने त्यांना ठेवून घेतलं. अकराव्या दिवशी लाठ्या घेतलेले डझनभर पारशी जिन्याने वर आले आणि संध्याकाळपर्यंत खोली सोडण्याचा हुकूम देऊन गेले. आंबेडकरांनी दोन मित्रांना विचारलं. हिंदू मित्र म्हणाला, तुम्ही आलात तर माझे नोकर निघून जातील. ख्रिस्ती मित्राला बायकोला विचारावं लागणार होतं. मग रात्री नऊच्या मुंबईच्या गाडीपर्यंतचा वेळ त्यांनी कामाठी बागेत, म्हणजे आजच्या सयाजीबागेत, काढला.

हा प्रसंग अर्थशास्त्राच्या चष्म्यातून पाहा. पैसे होते, जागा रिकामी होती, जागा देणारा राजी होता. अर्थतज्ज्ञ गॅरी बेकर यांच्या 1957च्या मांडणीप्रमाणे भेदभाव करणारा स्वतःच्या नावडीची किंमत मोजतो. रखवालदाराला ती मोजायची नव्हती, म्हणून त्याने सौदा केला. सौदा मोडला तो बाहेरच्यांनी. दोन्ही मित्रांच्या तोंडी नकार होता तोही स्वतःच्या नावाने नाही. एकाने नोकरांचं नाव पुढे केलं, दुसऱ्याने बायकोचं. अर्थतज्ज्ञ जॉर्ज अकेरलॉफ यांनी 1976 साली जातीचं जे प्रतिमान मांडलं त्याचा गाभा हाच आहे: नियम मोडणाऱ्याशी व्यवहार करणाऱ्यालाही वाळीत टाकतात, म्हणून नियम मनापासून कोणालाच नको असला तरी तो टिकतो. आणि आज बडोद्यात दहा घरमालकांना फोन केलात तर एखादं तरी वाक्य ऐकू येईलच: ‘अमने कांई वांधो नथी, पण सोसायटीवाळा…’ म्हणजे आमची काही हरकत नाही, पण सोसायटीवाले…

तेव्हा तुमचा प्रश्न ‘भेदभाव आहे का’ असा ठेवू नका. त्याचं उत्तर ढोबळमानाने आधीच हाती आहे. थोरात आणि अटेवेल यांनी नोकऱ्यांच्या जाहिरातींवर केलेला 2007चा अभ्यास आणि थोरात व सहकाऱ्यांचा दिल्ली परिसरातल्या भाड्याच्या घरांवरचा 2015चा अभ्यास वाचा. प्रश्न असा ठेवा: नकार मालकाच्या नावडीचा, माहितीच्या अभावाचा, की तिसऱ्या पक्षाच्या धाकाचा?

तिन्ही वेगळे काढायला बडोद्यातली घरंच मदत करतात. घरं तीन प्रकारांत वाटा: (क) सोसायटीतला फ्लॅट, मालक दुसरीकडे राहणारा, (ख) स्वतंत्र टेनामेंट (गुजरातेत याचा अर्थ चाळ नव्हे, लहान स्वतंत्र घर) किंवा ड्युप्लेक्स, मालक दुसरीकडे, (ग) टेनामेंटचा वरचा मजला भाड्याला, मालक खाली. मालकाची स्वतःची नावड एवढंच कारण असेल तर दोन नावांना मिळणाऱ्या उत्तरांतला फरक क मध्ये आणि ख मध्ये साधारण सारखाच यावा. क मध्ये नकार बराच जास्त आला तर तिसरा पक्ष कामाला लागला आहे. ख पेक्षा ग मध्ये जास्त आला तर लाउरींचा ‘संबंध’ दिसतो आहे: भाडं चालतं, जिना वाटून घेणं चालत नाही. मात्र एक मेख आहे. टेनामेंटांच्याही सोसायट्या असतात, तिथेही समिती आणि देखभाल खर्च असतो. ख मध्ये फक्त समिती नसलेली सुटी घरं घ्या, नाहीतर सगळी तुलना पाण्यात.

घर कोणत्या प्रकारात बसतं हे फोनवर विचारू नका. पहिल्याच वाक्यात नकार देणारा मालक पुढचं काही सांगत नाही, त्यामुळे नेमकी नकाराचीच घरं प्रकाराविना राहतात आणि निष्कर्ष तिरका होतो. प्रकार आधी ठरवा: जाहिरातीच्या मजकुरावरून, नाहीतर गल्लीत चक्कर मारून. ‘मकान भाडे आपवानुं छे’ अशा पाट्यांचं घर तिथेच डोळ्यांनी दिसतं. पोर्टलवरच्या जाहिरातींत निम्म्याहून अधिक दलालाच्या निघाल्या तर दचकू नका, पण त्या वेगळ्या ठेवा. दलालाच्या नकारात त्याची स्वतःची आवड कमी आणि मालकाबद्दलचा अंदाज जास्त असतो. फुकटची खेप नको म्हणून तो गाळणी आधीच लावतो. एकच नंबर चार जाहिरातींत दिसला की तो दलाल समजा.

आता आडनावं. कामाचा खरा कस इथे आहे आणि बहुतेक प्रबंध इथेच फसतात. अमेरिकेत बर्ट्रांड आणि मुलैनाथन यांनी 2004च्या अभ्यासात नुसत्या नावांवर काम भागवलं. बॉस्टन आणि शिकागोत सुमारे 5,000 अर्ज पाठवले, आणि गोऱ्या वाटणाऱ्या नावांना मुलाखतीची बोलावणी सुमारे 50 टक्के जास्त आली. बडोद्यात तसं होत नाही. परमार, सोळंकी, चौहाण, वाघेला ही आडनावं क्षत्रियांतही आहेत आणि दलितांतही. मराठीत जाधव, पवार, मोरे, शिंदे यांची तीच गत. गायकवाड तर इथे वापरूच नका: महाराष्ट्रात हे आडनाव बौद्धांतही भरपूर आढळतं, आणि बडोद्यात ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे लक्ष्मी विलास राजवाडा उभा राहतो. कांबळे म्हटल्यावर दांडिया बाजारातल्या मराठी मालकाला जे कळतं ते गोत्रीतल्या पटेलांना कळेलच असं नाही. त्यांना कदाचित फक्त ‘मराठी’ एवढंच ऐकू येईल. म्हणजे खूण देणाऱ्यापेक्षा खूण वाचणारा महत्त्वाचा.

यावर उपाय चाचणीचा आहे. वीस आडनावं घ्या आणि प्रत्यक्ष अभ्यासात नसलेल्या चाळीस माणसांना दाखवा, निम्मी गुजराती भाषक, निम्मी मराठी. ‘ही माणसं कुठली, कोणत्या समाजाची वाटतात?’ एवढंच विचारा. ज्या आडनावाबद्दल दोन्ही गटांत पाचातल्या चौघांचं एकमत होतं तेवढीच ठेवा. शाह, देशपांडे, पठाण सहज पास होतील. दलित ओळखीसाठी एकट्या आडनावावर भिस्त ठेवू नका. पहिलं नाव आणि आडनाव यांच्या जोड्या तपासा, आणि एकही जोडी पास झाली नाही तर तो गट सोडून द्या. अर्धवट वाचल्या जाणाऱ्या नावाने फोन केलात तर फरक कमी येतो, आणि मग कोणीतरी तुमच्याच आकड्यांवर ‘बडोद्यात जात पाहत नाहीत’ असा मथळा देतो.

फोन जोडीने करा: एकाच घरासाठी दोन फोन, दोन नावांनी, मध्ये तीन ते सहा तास. कोणतं नाव आधी हे नाणं उडवून ठरवा, कारण दुसऱ्या फोनच्या वेळी घर खरंच गेलेलं असू शकतं. दोन्ही फोन दोन वेगळ्या आवाजांत हवेत आणि प्रत्येक मित्राने प्रत्येक नाव सारख्याच वेळा वापरलेलं हवं. नाहीतर जे मोजाल ते मित्राच्या गोड बोलण्याचं माप होईल. सगळे फोन गुजरातीत, एकाच ठरलेल्या मजकुरावरून: नाव, नवरा-बायको आणि एक मूल, खाजगी कंपनीत नोकरी, घर कधी पाहायला येऊ? तिघांपैकी कोणाच्या गुजरातीला मराठी वळण असेल तर त्याला पठाण किंवा शाह म्हणून फोन करायला लावू नका. एकट्या माणसाचं सोंगही नको. बॅचलरला नकार मिळतो तो वेगळ्या कारणाने, आणि त्यात तुमचा फरक बुडून जाईल.

सगळ्यात जास्त जोड्या ट्रूकॉलरमुळे वाया जातात. तुम्ही शाह म्हणून बोलता आणि समोर पडद्यावर तिसरंच नाव झळकतं. नवं सिम घेतलंत तरी आधीच्या ग्राहकाचं नाव चिकटलेलं असू शकतं. काम सुरू करण्यापूर्वी आणि नंतर दर आठवड्याला प्रत्येक नंबर दुसऱ्या फोनवरून तपासा. व्हॉट्सॲपचा फोटो आणि ‘अबाऊट’ची ओळ कोरी ठेवा, मालक नंबर सेव्ह करून पाहतात. वेळापत्रकही जपा. नवरात्रीच्या नऊ संध्याकाळी बडोद्यात फोन करण्यात अर्थ नाही. जून-जुलैत फतेहगंजच्या बाजूला विद्यार्थ्यांची झुंबड असते, तेव्हा मालकाला निवड करणं स्वस्त पडतं आणि नकार फुगतो. तो काळ टाळा, किंवा मुद्दाम दोन्ही काळ घेऊन फरक दाखवा. बेकर तपासायला तो उत्तम मार्ग आहे.

काय नोंदवायचं? फोन उचलला का. आडनाव किंवा ‘केवा’ विचारलं का, कितव्या वाक्याला. घर दाखवायची वेळ दिली का. भाडं आणि डिपॉझिट किती सांगितलं. मागे फोन आला का. उघड नकार फार कमी मिळतील. मिळेल ते ‘अपाई गयुं’, म्हणजे देऊन टाकलं. म्हणून अशा प्रत्येक घराला दोन दिवसांनी तटस्थ नावाने तिसरा फोन करा. घर तेव्हा मिळत असेल तर पहिलं उत्तर नकारात जमा. हा तिसरा फोन वगळलात तर भेदभावाचा मोठा हिस्सा ‘घर शिल्लक नव्हतं’ या रकान्यात लपतो.

संख्येचं गणित असं. एका प्रकारच्या घरांत समजा 30 टक्के जोड्यांत फक्त पहिल्या नावाला होकार मिळाला, 10 टक्क्यांत फक्त दुसऱ्या नावाला आणि उरलेल्यांत दोघांना सारखं उत्तर मिळालं. निव्वळ फरक 20 टक्क्यांचा. तो 5 टक्के पातळीवर (फरक नसताना चुकून दिसण्याची शक्यता 5 टक्के) आणि 80 टक्के खात्रीने (फरक असेल तर सापडण्याची शक्यता 80 टक्के) पकडायला सुमारे 76 जोड्या लागतात. तुम्हाला मात्र दोन प्रकारांची आपसात तुलना करायची आहे. क मध्ये निव्वळ 30 आणि ख मध्ये 10 असा फरक असेल तर प्रत्येकात 140च्या आसपास जोड्या हव्यात. तीन प्रकार म्हणजे 420 जोड्या, 840 फोन, वर तपासणीचे. तिघांनी रोज मिळून बारा फोन केले तर सत्तर दिवस. चार महिन्यांत बसतं, पण नावांची एकच जोडी घेतलीत तर. तीन समाज घेतलेत तर बसणार नाही. तो मोह आवरा. आधी पंधरा जोड्यांची रंगीत तालीम घ्या आणि ते आकडे शेवटच्या हिशेबात धरू नका.

निव्वळ फरकच सांगा. ‘30 टक्के मालकांनी भेदभाव केला’ हे वाक्य चूक आहे, कारण योगायोगानेही एकाला होकार आणि दुसऱ्याला नकार मिळतो. उलट दिशेचे 10 टक्के त्याचीच साक्ष देतात. दुसरी चूक शक्यतांच्या गुणोत्तराची. थोरात-अटेवेल यांनी 548 जाहिरातींना 4,808 अर्ज पाठवले होते. सवर्ण हिंदू नावाच्या तुलनेत दलित नावाला बोलावणं येण्याचं गुणोत्तर 0.67 आणि मुस्लिम नावाला 0.33 आलं. हे गुणोत्तर ‘ऑड्स’चं आहे, म्हणजे बोलावणं येण्याची शक्यता भागिले न येण्याची शक्यता. ‘दलितांना 33 टक्के कमी बोलावणी’ असं त्याचं भाषांतर सर्रास होतं, ते बरोबर नाही.

माहितीचा अभाव हा उरलेला धागा तपासायला प्रत्येक प्रकारातल्या निम्म्या जोड्यांत दोन्ही फोनवर एक वाक्य वाढवा: ‘आम्ही शाकाहारी आहोत, भाडेकरार कंपनीच्या नावाने होईल.’ फेल्प्स आणि अॅरो या अर्थतज्ज्ञांच्या सत्तरच्या दशकातल्या मांडणीप्रमाणे मालक केवळ अंदाजावर चालत असेल, तर खात्री मिळाल्यावर फरक आटायला हवा. आटला नाही तर मालकांची ‘फक्त शाकाहारी’ ही अट खाण्यापुरती नव्हती. पण शाकाहारी असल्याचा शब्द फुकटचा असतो, मालक त्यावर विश्वास ठेवेलच असं नाही. कंपनीचा करार जास्त वजनदार. वेळ असेल तर दोन वाक्यं वेगळी वापरा. या वाक्याचा परिणाम तीन प्रकारांत तोडून दाखवण्याइतक्या जोड्या तुमच्याकडे नाहीत, तो एकत्रच सांगा.

कायद्याची पार्श्वभूमी दोन पानांत आटपा, पण दोन गोष्टी सोडू नका. सर्वोच्च न्यायालयाने 2005 साली अहमदाबादच्या एका पारशी सहकारी गृहनिर्माण सोसायटीचा, सभासदत्व फक्त पारशांना देण्याचा नियम वैध ठरवला. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने 1948 सालीच, वंश पाहून घर न विकण्याचे खाजगी करार न्यायालयं अंमलात आणणार नाहीत असं सांगितलं होतं. दोन्ही निकाल शेजारी ठेवले की ‘तिसरा पक्ष’ कुठे बळकट आहे ते उघड होतं. दुसरी गोष्ट, गुजरातचा अशांत क्षेत्रांचा 1991चा कायदा बडोद्याच्या काही भागांना लागू आहे आणि तिथे मालमत्ता विकायला जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी लागते. भाड्याच्या घरांचा तुमचा नमुना या भागांत आणि बाहेर वेगळा मांडा, कारण कोण कोणाच्या शेजारी आहे हेच तिथे वेगळ्या रीतीने ठरत आलं आहे.

एवढं करूनही अर्थतज्ज्ञ जेम्स हेकमन यांचा आक्षेप उरतो: फोन तुम्ही यादीतल्या सगळ्यांना करता, खरा भाडेकरू तसं करत नाही. नकार मिळेल तिथे तो जातच नाही. तांदळजात घर शोधणारा अलकापुरीची जाहिरात उघडतच नसेल, आणि रावपुऱ्यातल्या वाड्यातली खोली जाहिरातीत येण्याआधीच ओळखीने जाते. लाउरींचा 1977चा मुद्दा तुमच्या फोनांच्या पकडीबाहेर आहे तो इथेच. म्हणून तीस भाडेकरूंच्या मुलाखती जोडा. दोनच प्रश्न: हे घर कोणाकडून कळलं, आणि कुठल्या भागात विचारलंच नाही?

विभागाच्या नीतिसमितीची लेखी परवानगी पहिल्या फोनआधी हवी. मालकाची संमती न घेता आपण त्याचा वेळ घेतो, म्हणून फोन दोन मिनिटांच्या आत संपवा, घर पाहायची वेळ मिळाली तर तासाभरात नम्रपणे रद्द करा, बोलणं रेकॉर्ड करू नका. मालकांचे नंबर निकालाच्या तक्त्यापासून वेगळ्या फाइलीत ठेवा आणि काम संपल्यावर पुसा. मित्रांपैकी कोणाचं खरं आडनाव नकार मिळणाऱ्या यादीत असेल तर त्याला रोज चार फोनांहून जास्त देऊ नका, आणि नको म्हणाला तर आग्रह धरू नका.

शेवटचा रकाना मालकाच्या शब्दांचा ठेवा. फोन संपताच, जसंच्या तसं, गुजरातीत. नंतर हे शब्द नाव न दिसता दुसऱ्या मित्राकडून चार खणांत टाकून घ्या: स्वतःचं कारण, घरच्यांचं, सोसायटीचं, काहीच नाही. मग ते क, ख, ग च्या आकड्यांशेजारी लावा. समिती नसलेल्या सुट्या घराचा मालकही ‘सोसायटीवाळा’ म्हणत असेल तर तो बहाणा आहे. ते वाक्य फक्त क मध्येच येत असेल आणि तिथेच निव्वळ फरकही मोठा असेल, तर अकराव्या दिवशी जिना चढून येणारी माणसं आकड्यांत सापडली.